मोठी समंजस, धाकटा हट्टी: जन्माचा क्रम की वाटून दिलेली भूमिका?

प्रश्न थोडक्यात असा आहे. मोठी मुलगी नऊ वर्षांची, धाकटा मुलगा पाच वर्षांचा. मुलगी शांत, अभ्यासू, भाऊ रडायला लागला की हातातली वस्तू देऊन टाकणारी. मुलगा हट्टी, आकांडतांडव करून हवं ते मिळवणारा. आई-वडील दोघंही नोकरी करतात, घरात आजी-आजोबा आहेत. सगळे म्हणतात, ‘थोरली अशीच समंजस असते आणि शेंडेफळ लाडावतंच.’ आईला विचारायचंय की हे स्वभाव आता असेच राहणार का, आणि धाकट्याचा हट्ट कसा मोडायचा?

स्वभाव असेच राहतील असं अजिबात नाही, हे आधी सांगून टाकते. हट्टाचा प्रश्न मात्र मुलापासून सोडवायला घेतला तर हाती फारसं काही लागत नाही. हट्ट करणारं मूल सगळ्यांना दिसतं, त्याचा आवाज घरभर जातो. सोडून देणारं मूल कुणाला खुपत नाही. पण रोज जे घडतंय ते दोघांचं मिळून एकच आहे: तो रडतो, ती देते, घर शांत होतं. रडलं की मिळतं हे तो शिकतो. आपल्याला काय हवंय ते बोलून उपयोग नाही हे ती शिकते. दिवसातून पाच-सहा वेळा, गेली कित्येक वर्षं. म्हणून मुलाचा हट्ट कमी करायचा तर मुलीचं सोडून देणं आधी थांबवावं लागतं. आणि खरं सांगायचं तर या दोघांत मला जास्त काळजी मुलीची वाटते.

‘थोरली अशीच असते’ या समजाबद्दल. थोरला, मधला, धाकटा यावरून स्वभाव ओळखण्याची कल्पना व्हिएन्नाचे मानसोपचारतज्ज्ञ आल्फ्रेड ॲडलर यांनी गेल्या शतकाच्या पूर्वार्धात मांडली. पाठचं भावंड आलं की थोरल्याचं राज्य खालसा होतं, ही त्यांची उपमा. कल्पना इतकी पटण्यासारखी आहे की ती घरोघर रुजली. २०१५ मध्ये तिची मोठ्या प्रमाणावर तपासणी झाली. एका अभ्यासात अमेरिका, ब्रिटन आणि जर्मनीतल्या वीस हजारांहून अधिक लोकांची माहिती होती, दुसऱ्यात अमेरिकेतल्या सुमारे ३,७७,००० शाळकरी मुलांची. जबाबदारपणा, मिळूनमिसळून वागणं, बडबडेपणा, मनाची स्थिरता या कशातही जन्मक्रमामुळे लक्षात घेण्याजोगा फरक दिसला नाही.

मग आपल्याला तो फरक रोज डोळ्यांसमोर कसा दिसतो? आपण नऊ वर्षांच्या मुलीची तुलना पाच वर्षांच्या मुलाशी करतो म्हणून. थोरलं मूल नेहमीच वयानं पुढे असतं, त्यामुळे ते नेहमीच जास्त समंजस दिसणार. मुलगी पाच वर्षांची असतानाचे व्हिडिओ मोबाइलमध्ये असतील तर एकदा काढून बघा. बऱ्याच घरांत तिथं एक चांगलं हट्टी, नाचणारं, ओरडणारं मूल सापडतं.

एका बाबतीत मात्र छोटासा फरक खरोखर आढळतो, आणि त्याचं कारण आपल्या कामाचं आहे. नॉर्वेतल्या सैन्यभरतीच्या सुमारे अडीच लाख तरुणांची माहिती २००७ मध्ये प्रसिद्ध झाली. थोरल्यांचा बुद्ध्यांक धाकट्यांपेक्षा सरासरी दोन-तीन गुणांनी जास्त होता. दोन घरांची तुलना करताना एवढ्याशा फरकाला अर्थ नसतो, पण पुढचा भाग बघा: ज्यांचं मोठं भावंड लहानपणीच गेलं आणि जे घरात थोरले म्हणून वाढले, त्यांचे गुण थोरल्यांसारखेच निघाले. म्हणजे पोटातून कितव्या नंबरला आलो यापेक्षा घरात कोण म्हणून वाढलो, याला महत्त्व आहे.

भावंडांचा स्वभावावर परिणाम होतो तो असा, घरातल्या जागेतून आणि रोजच्या वागण्यातून. जुळ्यांच्या अभ्यासांतून दिसतं की माणसामाणसांतल्या स्वभावाच्या फरकाचा साधारण चाळीस ते पन्नास टक्के भाग अनुवंशिक असतो. उरलेल्यात एकाच घरात वाढल्यामुळे येणारं सारखेपण फार थोडं; प्रत्येक मुलाच्या वाट्याला जे वेगळं येतं त्याचाच हिस्सा मोठा. एका छताखाली दोन वेगळी बालपणं चालू असतात.

यातला सगळ्यात जोरकस भाग म्हणजे घरानं वाटून दिलेली भूमिका. ‘आमची ही फार समजूतदार’, ‘हा म्हणजे नुसता वांड’ ही वाक्यं पाहुण्यांसमोर, फोनवर, शाळेच्या गेटवर मुलांच्या कानावर पडत असतात. वाईट शिक्का पुसायला निदान कुणीतरी धडपडतं. चांगला शिक्का कुणी पुसत नाही, आणि तोच जास्त घट्ट बसतो. सोडून दिल्यावर जिचं कौतुक होतं, तिला ‘मला हवंय’ म्हणणं परवडत नाही. म्हटलं तर कौतुक जाईल.

मुलीत काय बघायचं ते सांगते. ‘काय खाणार?’ विचारल्यावर दर वेळी ‘काहीही चालेल’ येतं का? उत्तर देण्याआधी ती आईच्या चेहऱ्याकडे बघते का? चूक झाली की लपवते का, एखादा मार्क गेला तर फार वेळ रडते का? परीक्षेच्या किंवा सोमवारच्या सकाळी पोट दुखतं का? मैत्रिणी तिच्या वस्तू घेतात आणि ती गप्प बसते का? यांतल्या दोन-तीन गोष्टी महिनाभर सतत दिसत असतील तर तिचा समजूतदारपणा तिला जड जातोय असं समजा.

मुलाबाबत एकच चौकशी करा. त्याच्या बालवाडीतल्या ताईंना विचारा की तिथं तो आपली पाळी येईपर्यंत थांबतो का. थांबत असेल, तर हट्ट घरात शिकलेला आहे आणि घरातच उतरेल. शाळेतही, बागेतही, सगळीकडे सारखाच अनावर होत असेल तर तो त्याचा मूळ पिंड असू शकतो, किंवा बोलण्याच्या वा लक्ष टिकवण्याच्या अडचणी असू शकतात. मग बालविकासतज्ज्ञांना दाखवलेलं बरं; नुसत्या शिस्तीनं ते सुटणार नाही.

दुसरी गोष्ट, भावंडं एकमेकांपासून मुद्दाम वेगळी होतात. ताई चित्रं छान काढते असं ठरलं की धाकटा खडूला हात लावत नाही. हरण्यापेक्षा खेळात न उतरणं सोपं. पूर्वी पाच-सहा भावंडांत हे वाटप पसरून जायचं. २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार महाराष्ट्राचा एकूण जननदर (एका बाईला सरासरी होणारी मुलं) १.७ होता, म्हणजे बहुतेक घरांत एक किंवा दोनच मुलं. दोनच असली की तराजूची दोन पारडी होतात: एक शहाणी ठरली की दुसऱ्याला वेडेपणाच उरतो. म्हणून ‘ही अभ्यासात, तो खेळात’ अशी वाटणी करू नका. चित्रकलेच्या क्लासला दोघंही जाऊ शकतात, वेगळ्या वेळी, वेगळ्या गटात.

भावंडांमुळे मिळणारा फायदाही मोठा आहे. तीन-चार वर्षांच्या मुलांवरच्या १९९४ च्या एका ब्रिटिश अभ्यासात दिसलं, की ज्यांना भावंडं आहेत त्यांना ‘दुसऱ्याच्या मनात आपल्यापेक्षा वेगळं, कधी चुकीचंही असू शकतं’ हे जास्त लवकर उमगतं. साहजिक आहे. ताईनं चॉकलेट डब्यातून काढून दप्तरात ठेवलं, बाबांना ते माहीत नाही, हा खेळ घरात रोज चालतो. केंब्रिजमध्ये ज्युडी डन यांनी घरोघर जाऊन केलेल्या निरीक्षणांत आणखी एक सुंदर गोष्ट आढळली. ज्या आया थोरल्या मुलाशी तान्ह्या बाळाबद्दल एक माणूस म्हणून बोलत, ‘का रडत असेल गं तो, भूक लागली असेल का?’, त्या घरांत पुढे भावंडांचं जास्त जमलं. आता हाच प्रयोग उलट्या दिशेनं करायचा आहे. पाच वर्षांच्या मुलाला विचारायचं, ‘ताई आज गप्प का असेल रे?’ तिच्याही मनात काहीतरी असतं, हे त्याला कुणी सांगितलेलंच नसतं.

आणि आई-बाबांची दोघांशी वागणूक. तंतोतंत सारखं वागणं शक्य नाही, त्याची गरजही नाही. पेढ्याचे दोन तुकडे पट्टी लावून करत बसलात तर मुलंही पट्टी घेऊनच बसतील. वेगळं वागणं मुलं पचवतात, अट एवढीच की कारण कळलं पाहिजे आणि ते पटलं पाहिजे. ‘तो साडेआठला झोपतो कारण तो पाच वर्षांचा आहे, तू पाच वर्षांची होतीस तेव्हा तूही साडेआठलाच झोपायचीस’ हे नऊ वर्षांच्या मुलीला पटतं. ‘तू मोठी आहेस ना, समजून घे’ हे कारण नव्हे, तो हुकूम आहे.

हे सगळं परिस्थितीवर किती अवलंबून आहे तेही सांगायला हवं. दोन वर्षांचं अंतर असेल तर भांडणं जास्त आणि खेळही जास्त. चार वर्षांचं असेल तर थोरली नकळत छोटी आई बनते. एका मुलाला दीर्घ आजार किंवा अपंगत्व असेल तर दुसऱ्याचं ‘मला काही नको’ फार लवकर सुरू होतं. आई-वडिलांत सतत तणाव असेल तर भावंडांची भांडणं सोडवून उपयोग नाही. मुळाकडे बघावं लागतं. आणि इथं थोरली मुलगी आहे, धाकटा मुलगा आहे. जे जन्मक्रमाच्या नावावर खपतं ते बऱ्याचदा मुलगा-मुलगी भेदाचं असतं. सीमा जयचंद्रन आणि रोहिणी पांडे यांनी २०१७ मध्ये भारतीय आणि आफ्रिकी मुलांच्या उंचीची तुलना केली. थोरल्या मुलग्यांत भारतीय मुलं मागे नव्हती. तफावत पुढच्या अपत्यांत वाढत जात होती, आणि त्यामागे थोरल्या मुलग्याला झुकतं माप हे कारण त्यांनी दाखवलं. ताटातला भेद जर हाडांत उतरतो, तर स्वभावात उतरणारच. तेव्हा स्वतःला एक प्रश्न प्रामाणिकपणे विचारा: थोरला मुलगा आणि धाकटी मुलगी असती, तर ‘सोडून दे’ आपण त्याला इतक्या वेळा म्हटलं असतं का?

आता कामाला लागू. पहिले सात दिवस काहीही बदलू नका, फक्त मोजा. फ्रीजवर एक कागद लावा, दोन रकाने करा. एका रकान्यात ‘तू मोठी आहेस’, ‘दे त्याला’, ‘समजून घे’ यांपैकी काहीही कुणीही म्हटलं की एक रेघ. दुसऱ्यात, रडून मुलाला काही मिळालं की एक रेघ. आजी-आजोबांनाही पेन द्या, त्यांना दोषी न ठरवता. आठवड्याच्या शेवटी बहुतेक घरांत आकडा अंदाजाच्या बराच पुढे असतो, आणि कुणी कुणाला समजावण्याची गरज उरत नाही.

दुसऱ्या आठवड्यात मालकी ठरवा. प्रत्येकाला एक कप्पा किंवा झाकणाचा डबा, त्यात आपल्या पसंतीच्या चार वस्तू. त्या दुसऱ्याला द्याव्याच लागणार नाहीत, मागितल्या तरी, रडलं तरी. जे आपलं आहे हे नक्की असतं तेच मूल मनापासून वाटून घेऊ शकतं. बाकी खेळणी घराची, पाळीपाळीनं.

याच आठवड्यापासून प्रत्येक मुलाला आई किंवा बाबांची रोज पंधरा मिनिटं, एकट्याची. रोज नाही जमलं तर आठवड्यातून चार दिवस, पण ठरलेल्या वेळी. फोन दुसऱ्या खोलीत. काय करायचं ते मुलानं ठरवायचं. अभ्यास घ्यायचा नाही, शिकवण द्यायची नाही. इथं दोन चुका नेहमी होतात. दंगा केला म्हणून शिक्षा म्हणून ती वेळ रद्द केली जाते. तसं करू नका, ती बक्षीस नाही. आणि मुलगी म्हणते, ‘राहू दे आई, तू दमली असशील.’ लगेच ‘शहाणं गं माझं बाळ’ म्हणून उठू नका. बसा.

भांडण कसं हाताळायचं हे जवळून बघू. ताईचा चोवीस रंगांचा स्केचपेनचा डबा उघडा आहे, ती चित्र काढतेय. तो येतो, निळा पेन ओढतो, ती धरून ठेवते, तो किंचाळतो. पेन आपल्या हातात घ्या आणि दोघांच्या मध्ये जमिनीवर बसा. उभं राहून बोललं की न्यायाधीश होतो. दोघंही ओरडत असतील तर पाच-दहा मिनिटं थांबा. संतापलेल्या मुलाला कान नसतात. मग नियम सांगा: एक बोलेल तेव्हा दुसरा ऐकेल, हात उचलायचा नाही. नंतर प्रत्येकाचं ऐका आणि तेच परत म्हणा, निकाल न देता. ‘तुला चित्रातलं आभाळ पुरं करायचं होतं. तुला निळ्या रंगाची गाडी काढायची होती.’ मग एकमेकांची बाजू: ‘ताईला राग का आला असेल?’ तो म्हणेल, ‘माहीत नाही.’ उत्तर आपण द्यायचं नाही. ताईला सांगू द्या, आणि त्यानं ते आपल्या शब्दांत परत म्हणायचं. शेवटी, ‘आता काय करूया?’ दोघांनी सुचवायचं, दोघांनी ठरवायचं.

कॅनडात पाच ते दहा वर्षांच्या मुलांच्या आयांना हीच पद्धत शिकवून बघितली गेली, आणि मुलं भांडणं जास्त शांतपणे व एकमेकांचं ऐकून सोडवू लागली. चार वर्षांखालच्या मुलाला एवढे टप्पे झेपत नाहीत. तिथं वस्तू बाजूला करून लक्ष वळवणं पुरे. ‘सॉरी म्हण’ ही जबरदस्ती कुठल्याच वयात नको.

तुमच्या घरात ही पद्धत नेमकी शेवटच्या टप्प्यावर अडेल. ‘काय करूया’ म्हटलं की मुलगी म्हणेल, ‘जाऊ दे, घेऊ दे त्याला.’ भांडण मिटलं म्हणून सुटकेचा श्वास टाकावासा वाटेल. तिथंच थांबा आणि म्हणा, ‘द्यायचं की नाही ते नंतर बघू. आधी तुला काय हवंय ते सांग.’ ती गप्प बसेल. अर्धा मिनिट जाऊ द्या. या अर्ध्या मिनिटासाठी वरचं सगळं करायचं आहे.

मुलाच्या बाजूनं काय होईल तेही आधी माहीत असू द्या. रडून मिळणं बंद झालं की रडणं आधी वाढतं, चांगलं आठ-दहा दिवस. चौथ्या दिवशी कंटाळून वस्तू दिली तर तो शिकतो की पूर्वी पाच मिनिटं रडावं लागायचं, आता वीस. म्हणून आजी-आजोबांशी आधीच बोला. ‘लाड करू नका’ म्हणू नका. ते त्यांना लागतं आणि ते पाळलंही जात नाही. नेमकं काम द्या: ‘आई, तो रडला तर त्याला कुशीत घेऊन बसा, हवं तितका वेळ. फक्त वस्तू आणून देऊ नका.’ त्याच्या रडण्याला माया मिळावी, वस्तू मिळू नये.

भांडणं कमी करण्याइतकंच, किंबहुना त्याहून जास्त, दोघांनी मिळून हसणं वाढवायला हवं. चार वर्षांच्या अंतरात लुडो किंवा कॅरम नको. ती जिंकते किंवा मुद्दाम हरते, आणि दोन्ही वाईटच. दोघं एका बाजूला असतील असे खेळ द्या: आई-बाबांविरुद्ध लगोरी, मिळून जोडायचं चित्रकोडं, कणकेचे प्राणी. वीस मिनिटं पुरतात. हे आजच्या शांततेपुरतं नाही. हार्वर्डच्या पुरुषांचा तरुणपणापासून पाठपुरावा करणाऱ्या दीर्घ अभ्यासात, २२९ जणांच्या नोंदींवरून दिसलं की विशीच्या आत भावंडांशी संबंध बिघडलेले असणं आणि पन्नाशीपर्यंत नैराश्याचा आजार होणं यांचा संबंध आहे. आई-वडिलांशी नातं कसं होतं हे हिशोबात धरल्यावरही तो टिकला.

घरी सोडवू नये अशी भांडणंही असतात. मार नेहमी एकाच बाजूनं येतो, आठवड्यातून अनेकदा; एक मूल दुसऱ्यासोबत खोलीत एकटं राहायला घाबरतं; अंगावर वळ, चावे दिसतात; किंवा लैंगिक स्वरूपाचं काही घडतं. याला ‘भावंडं भांडतातच’ म्हणू नका. ब्रिटनमधल्या एका मोठ्या अभ्यासात, बाराव्या वर्षी भावंडाकडून आठवड्यातून अनेकदा छळ सोसलेल्या मुलांत अठराव्या वर्षी नैराश्याचं प्रमाण इतरांच्या दुपटीच्या आसपास आढळलं. अशा वेळी बालमानसतज्ज्ञांकडे जा. कुठं जावं हे सुचत नसेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ या नंबरवर चोवीस तास मोफत बोलता येतं.

साधारण तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात एक गोष्ट घडेल, तिच्यासाठी तयार राहा. मुलगा थोडा निवलेला असेल आणि मुलगी ‘बिघडेल’. ‘मी नाही देणार’ म्हणेल. दार आपटेल. एखादवेळी भावाला ढकलेलही. घरात कुणीतरी नक्की म्हणेल, ‘चांगली होती पोरगी, आता काय झालं हिला?’ बरेच पालक याच दिवशी सगळं सोडून देतात आणि तिला परत ‘समजूतदार’ करतात. ढकललं असेल तर ढकलायचं नाही एवढं तिला ठामपणे सांगा, इतर कुणालाही सांगाल तसंच. पण ‘तुझ्याकडून ही अपेक्षा नव्हती’ हे वाक्य तोंडावर आलं तरी गिळा. रात्री तिच्या पंधरा मिनिटांत तिच्याजवळ बसा आणि विचारा, ‘आज तुला कशाचा राग आला होता?’ मग तिचं बोलून होईपर्यंत मध्ये काही बोलू नका.